खटला चालू आहे, पासपोर्टचे काय?

(मंडळाच्या मासिक सभेत, वकिली करणाऱ्या एका सभासदांनी दिलेल्या व्याख्यानाचा हा मजकूर. बोलण्याचा ओघ शक्यतो तसाच ठेवला आहे. – संपादक मंडळ)



सांस्कृतिक सचिवांनी फोनवर विषय विचारला तेव्हा मी म्हटले, "पासपोर्ट." ते खूष झाले. "वा, म्हणजे प्रवासवर्णन!" मी म्हटले, "नाही हो, प्रवास अडतो त्याचे वर्णन." तरीसुद्धा त्यांनी मला बोलावले, याबद्दल त्यांचे आभार.

विषय असा आहे. एखाद्या माणसावर फौजदारी खटला चालू आहे, त्याचा निकाल लागायला अजून किती वर्षे जातील ते कुणी सांगू शकत नाही, आणि मध्येच त्याच्या पासपोर्टची दहा वर्षांची मुदत संपते. नवा पासपोर्ट मिळेल का? कसा मिळेल? किती मुदतीचा मिळेल? ऐकायला हा प्रश्न कुणातरी दुसऱ्याचा वाटतो. पण या सभागृहात निम्मी मंडळी कंपनीच्या कामासाठी ऑनसाइट जाणारी, आणि उरलेली त्यांचे आई-वडील. ते सुनेच्या किंवा लेकीच्या बाळंतपणाला न्यू जर्सीला नाहीतर मेलबर्नला जाणारे. पासपोर्ट ही आपल्याकडे चैनीची वस्तू राहिलेली नाही, ती रेशनकार्डाच्या शेजारी ठेवायची वस्तू झाली आहे.

आणि खटला म्हटले की लगेच दरोडेखोर डोळ्यांसमोर आणू नका. माझ्याकडे येणारी माणसे तुमच्या-आमच्यासारखीच असतात. कुणी मित्राबरोबर छोटा धंदा काढला, चेक वटला नाही, आणि चेकची केस झाली. चेक न वटणे हा निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स ॲक्टच्या कलम १३८ खाली फौजदारी गुन्हा आहे, हे पुष्कळांना समन्स हातात पडेपर्यंत ठाऊक नसते. कुणाच्या गाडीखाली दुर्दैवाने माणूस आला. कुणाच्या घरात लग्न मोडले आणि ४९८-अ ची केस झाली, त्यात मुलाबरोबर त्याच्या सत्तर वर्षांच्या आईचेही नाव आले. ती केस खरी की खोटी हा आजचा विषय नाही, तो न्यायालय ठरवील. आणि एक आपल्या गावाकडचा खास प्रकार. सांगली जिल्ह्यात बांधावरून भावकीत मारामारी होते, फिर्यादी सगळ्या भावांची नावे लिहून देतो, आणि ३२३, ५०४, ५०६ या कलमांच्या रांगेत बंगळूरला संगणकापुढे बसलेल्या धाकट्या भावाचेही नाव लागते. त्याला ते कळते कधी? पासपोर्टच्या पोलीस तपासणीच्या वेळी!

अशा वेळी माणसे दोन टोके गाठतात. एक जण म्हणतो, "संपले, आता परदेश विसरा." दुसरा म्हणतो, "फॉर्मवर 'नाही' लिहून टाकू, कोणाला कळतंय?" माझ्या मते दोघेही चुकतात, पण दुसरा जास्त चुकतो. का ते पुढे सांगतो.

आधी थोडा इतिहास, कारण त्याशिवाय कायद्याचा रोख कळत नाही. १९६७ पर्यंत आपल्या देशात पासपोर्ट देण्याबद्दल नीट कायदाच नव्हता. सरकारने द्यावा, सरकारने परत मागावा. सतवंतसिंग सहानी नावाच्या एका व्यावसायिकाकडून असाच पासपोर्ट परत मागितला गेला. ते सर्वोच्च न्यायालयात गेले. एप्रिल १९६७ मध्ये पाच न्यायाधीशांपैकी तिघांनी निर्णय दिला की परदेशी जाणे हा व्यक्तिस्वातंत्र्याचाच भाग आहे, आणि तो काढून घ्यायचा तर त्याला कायद्याचा आधार हवा. सरकारची धावपळ झाली आणि त्याच वर्षी जूनमध्ये पासपोर्ट ॲक्ट आला. म्हणजे बघा, ज्या कायद्याला आपण अडवणारा कायदा म्हणतो, तो मुळात सरकारच्या मनमानीला लगाम म्हणून जन्माला आला.

पुढे जुलै १९७७ मध्ये मनेका गांधींना पत्र आले की सार्वजनिक हितासाठी तुमचा पासपोर्ट जमा करा. कारण विचारले तर कारणही सांगणार नाही, असे उत्तर. त्यावर २५ जानेवारी १९७८ चा तो प्रसिद्ध निकाल आला. नुसता कायदा असून भागत नाही, तो राबवण्याची रीतही न्याय्य आणि वाजवी हवी, हे तत्त्व त्या निकालाने पक्के केले. घटना शिकवणारे प्राध्यापक आजही या निकालापाशी दोन तास थांबतात, आणि त्याचे मूळ एका पासपोर्टात आहे.

आता आपल्या कलमाकडे येऊ. कलम ६, पोटकलम २, खंड (फ). अर्जदाराने केल्याचा आरोप असलेल्या गुन्ह्याबद्दल भारतातील फौजदारी न्यायालयात कार्यवाही प्रलंबित असेल, तर पासपोर्ट नाकारला जाईल, असे ते म्हणते. वाक्य लहान आहे, पण त्यातला प्रत्येक शब्द महत्त्वाचा आहे.

'फौजदारी न्यायालयात प्रलंबित' म्हणजे काय? पोलिसांत एफआयआर झाला म्हणजे खटला प्रलंबित झाला असे नाही. एफआयआर, मग तपास, मग दोषारोपपत्र, आणि न्यायालय त्या प्रकरणाची दखल घेते, तिथून कार्यवाही सुरू होते. परराष्ट्र मंत्रालयाने १० ऑक्टोबर २०१९ च्या परिपत्रकात हे स्वच्छ लिहिले आहे की नुसता एफआयआर आणि तपासाधीन प्रकरणे या खंडात येत नाहीत. तेव्हा पोलिसांनी प्रतिकूल अहवाल पाठवला आणि पासपोर्ट कचेरीचे खुलासा मागणारे पत्र आले, तर घाबरून जाऊ नये. दोषारोपपत्र दाखल झालेले नाही हे कागदानिशी दाखवावे आणि या परिपत्रकाचा तारखेसह उल्लेख करून उत्तर द्यावे. मुदतीत द्यावे. पत्र कपाटात ठेवून देणे हा आपल्या लोकांचा आवडता उपाय आहे, आणि त्याने आजवर कुणाचेही भले झालेले नाही.

'गुन्ह्याबद्दल' हा शब्दही बघा. घटस्फोटाचा दावा दिवाणी आहे, त्याचा इथे संबंध नाही. भाडेकरूशी भांडण, सोसायटीशी भांडण, वाटणीचा दावा, काही संबंध नाही. पोटगीचा अर्ज मॅजिस्ट्रेटपुढे चालतो म्हणून लोकांना तो फौजदारी वाटतो, पण पोटगी मागितली गेली म्हणजे कुणी गुन्हा केल्याचा आरोप झाला असे होत नाही. अशा वेळी अर्जाची प्रत बरोबर ठेवावी आणि हा फरक शांतपणे समजावून सांगावा. चेकची केस मात्र गुन्ह्यातच मोडते. तिथे एफआयआरचा प्रश्नच नसतो, फिर्याद थेट मॅजिस्ट्रेटकडे जाते.

आणि खटला संपला असेल तर? निर्दोष सुटलात, उच्च न्यायालयाने प्रकरण रद्द केले, लोकअदालतीत चेकची केस मिटली, तर तुमच्यावर काही प्रलंबित नाही. पण पोलिसांच्या नोंदीत ते नाव पुष्कळदा तसेच राहते. म्हणून निकालाची प्रमाणित प्रत घरात हवी. माणसे लग्नाची पत्रिका तीस वर्षे जपतात आणि निर्दोष सुटल्याचा कागद वकिलाकडे विसरून येतात! नुसती स्थगिती मिळाली असेल तर मात्र खटला प्रलंबितच समजायचा. आणि तारखा चुकवल्यामुळे वॉरंट निघाले असेल, तर आधी ते रद्द करून घ्या. वॉरंट किंवा समन्स निघालेले असणे हे नकाराचे वेगळे कारण त्याच कलमात पुढच्या खंडात आहे.

आता मुख्य गोष्ट. खटला खरोखरच चालू आहे. मग दार बंद का? नाही. याच कायद्याच्या कलम २२ मध्ये केंद्र सरकारला सूट देण्याचा अधिकार आहे, आणि तो वापरून २५ ऑगस्ट १९९३ रोजी एक अधिसूचना काढली गेली. तिचा क्रमांक लिहून घ्या, जी.एस.आर. ५७० (ई). ज्याच्यावर खटला आहे त्याने संबंधित न्यायालयाची परदेशी जाण्याची परवानगी आणली, तर त्याला त्या खंडातून सूट मिळते. बरोबर एक हमीपत्र द्यायचे असते की पासपोर्ट चालू असेपर्यंत न्यायालय बोलावील तेव्हा मी हजर राहीन.

पण या अधिसूचनेत एक मेख आहे. न्यायालयाने आदेशात जेवढी मुदत लिहिली तेवढ्या मुदतीचा पासपोर्ट मिळतो. आणि आदेशात पासपोर्टचीही मुदत नाही, प्रवासाचीही मुदत नाही, तर पासपोर्ट मिळतो फक्त एक वर्षाचा! वकिलाने घाईत अर्ज लिहिला, न्यायाधीशांनी एका ओळीत 'अर्ज मंजूर' लिहिले, अशील पेढे घेऊन आला, आणि तीन आठवड्यांनी एक वर्षाचा पासपोर्ट घेऊन पुन्हा आला. हे मी पुष्कळदा पाहिले आहे.

एक वर्षाच्या पासपोर्टने काय होते ते नोकरदारांना विचारा. पुष्कळ देशांना तुम्ही पोहोचताना पासपोर्टची सहा महिने तरी मुदत शिल्लक लागते. म्हणजे वर्षातले सहाच महिने कामाचे. अमेरिकेत तर व्हिसा तीन वर्षांचा असला तरी विमानतळावर आय-९४ ची मुदत पासपोर्ट संपण्याच्या तारखेपर्यंतच दिली जाऊ शकते. पुन्हा दरवर्षी अर्ज, अपॉइंटमेंट, पोलीस तपासणी. कंपनीच्या मनुष्यबळ विभागात 'याचा काहीतरी लफडा आहे' अशी कुजबुज सुरू होते ती वेगळीच. अजून गुन्हा सिद्ध झालेला नाही, आणि शिक्षा मात्र हप्त्याहप्त्याने सुरू!

या बाबतीत मुंबई उच्च न्यायालयाने २०१४ मध्ये चांगला निर्णय दिला. न्यायालयाने नूतनीकरणाचा आदेश दिला असेल तर पासपोर्ट नियमांप्रमाणे तो दहा वर्षांसाठी व्हावा, असे त्यांनी म्हटले. ज्यांचे खटले महाराष्ट्रात आहेत त्यांना याचा उपयोग झाला. पुढे सप्टेंबर २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एका प्रकरणात सांगितले की शिक्षेविरुद्धचे अपील प्रलंबित आहे एवढ्यावरून नूतनीकरण नाकारता येणार नाही. शिक्षेच्या कारणाने नाकारायचे तर कायद्यात वेगळा खंड आहे. नैतिक अधःपतनाचा गुन्हा, किमान दोन वर्षांची शिक्षा, आणि ती अर्जाच्या आधीच्या पाच वर्षांतली, असे सगळे त्यात लागते.

आणि डिसेंबर २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने या विषयावरचे मळभ बऱ्यापैकी दूर केले. अर्जदारावर एका राज्यात खटला चालू होता, दुसरीकडे शिक्षेविरुद्ध अपील होते, आणि दोन्ही न्यायालयांनी नूतनीकरणाला हरकत नाही म्हटले होते. तरी पासपोर्ट नाकारला गेला, कारण प्रत्यक्ष प्रवासाची परवानगी त्या आदेशांत नव्हती. सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की पासपोर्ट जवळ असणे ही एक गोष्ट आणि देशाबाहेर जाणे ही दुसरी. जायचे की नाही, कधी, किती दिवस, यावर खटला चालवणारे न्यायालय लक्ष ठेवून आहेच. ते प्रत्येक वेळी परवानगी मागायला लावू शकते. मग त्यासाठी पासपोर्टच अडवण्याचे कारण काय? दहा वर्षांचा पासपोर्ट द्यावा, असा आदेश झाला.

मला स्वतःला हा फरक फार मोलाचा वाटतो. पासपोर्ट हे ओळखपत्रही आहे, आणि हातात पासपोर्ट असलेला माणूस पळालाच असे नाही. उलट बाजूही बघा. आपल्याच शहरातले विजय मल्ल्या मार्च २०१६ मध्ये लंडनला गेले, एप्रिलमध्ये त्यांचा पासपोर्ट रद्द झाला, आणि त्यामुळे काही ते परत आले नाहीत. पळणाऱ्याला पासपोर्ट रद्द करून आणता येत नाही, आणि न पळणाऱ्याची मात्र नोकरी जाते. तरी नियमाचा हेतू वाईट आहे असे मी म्हणणार नाही. ज्या मुलीचा नवरा खटला सोडून परदेशी गेला आणि दहा वर्षे तारखेला आला नाही, तिला विचारा. म्हणूनच न्यायाधीश अटी घालतात, जामीनदार मागतात, परत येण्याची तारीख लिहून घेतात. त्यांना नावे ठेवू नयेत.

आता प्रत्यक्ष काय करायचे. अर्ज करायचा तो ज्या न्यायालयात खटला आहे तिथे. हे सांगायला नको असे वाटेल, पण आपल्यासारख्या बाहेरगावी स्थायिक झालेल्यांचा इथेच घोळ होतो. तुम्ही मराठहळ्ळीच्या सेवा केंद्रात अर्ज भरणार, कोरमंगलाची पासपोर्ट कचेरी तो बघणार, पण परवानगी मात्र इस्लामपूरच्या किंवा नाशिकच्या न्यायालयाची लागणार. इथल्या न्यायालयाला तो अधिकार नाही. दोन ठिकाणी दोन खटले असतील तर दोन आदेश. म्हणून मुदत संपायच्या आठ-दहा महिने आधी कामाला लागा. गावाकडचे वकील दिवाळीत भेटतील असे धरून चालू नका, न्यायालयेही दिवाळीत बंद असतात.

अर्जात दोन मागण्या वेगवेगळ्या लिहायला सांगा. एक, पासपोर्ट दहा वर्षांसाठी पुन्हा जारी करण्यास परवानगी, 'दहा वर्षे' हे शब्द आदेशात आले पाहिजेत. दोन, प्रत्यक्ष प्रवास ठरला असेल तर त्या प्रवासाची परवानगी, देश आणि तारखांसह. प्रवास ठरला नसेल तर दुसरी मागणी नंतर करता येते. वकिलांना संकोच न करता सांगा की १९९३ च्या अधिसूचनेचा आणि डिसेंबर २०२५ च्या निकालाचा उल्लेख करा. तालुक्याच्या न्यायालयात असे अर्ज रोज येत नाहीत, त्यामुळे उलट मदतच होते. सरकारी वकिलांचे म्हणणे घेतले जाईल. चेकच्या केसमध्ये फिर्यादीचेही. आजवरच्या तारखांना तुम्ही हजर होतात, हे तिथे तुमचे सर्वांत मोठे भांडवल. रोजनाम्यात 'आरोपी गैरहजर' असे सात वेळा लिहिलेले असेल तर सर्वोच्च न्यायालयाचे दहा निकाल जोडून उपयोग नाही.

आदेश झाला की प्रमाणित प्रत घ्या, झेरॉक्स चालत नाही. ती, दोषारोपपत्राची प्रत आणि हमीपत्र घेऊन सेवा केंद्रात जा. तिथे ए, बी आणि सी अशी तीन काउंटरे असतात. ए वर कागद स्कॅन होतात, फोटो आणि बोटांचे ठसे घेतात. आपला विषय बी आणि सी वरचा, कारण तिथे सरकारी अधिकारी बसतात. त्यांनी शंका काढली तर वाद घालू नये, फाइल विभागीय कचेरीत जाईल, तिथे जावे. आणि नकार आलाच तर लेखी कारणे मागा, ती द्यावीत असे कायदाच म्हणतो. नकाराविरुद्ध तीस दिवसांत दिल्लीत चीफ पासपोर्ट ऑफिसरकडे अपील करता येते, आणि त्यानंतर उच्च न्यायालय आहेच.

आता तो दुसरा माणूस, 'नाही' लिहिणारा. ऑनलाइन अर्जात खटल्याबद्दल सरळ प्रश्न विचारलेला असतो. जाणूनबुजून खोटी माहिती देणे किंवा महत्त्वाची माहिती दडवणे हा पासपोर्ट ॲक्टच्या कलम १२ खाली स्वतंत्र गुन्हा आहे. दोन वर्षांपर्यंत कैद, किंवा पाच हजारांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. शिवाय माहिती दडवली म्हणून मिळालेला पासपोर्टही जप्त होऊ शकतो. पोलीस ठाण्यांच्या नोंदी आता संगणकावर जोडलेल्या आहेत, सांगलीची नोंद बंगळूरला दिसत नाही या समजात राहू नका. म्हणजे बांधाच्या भांडणाची केस, जी उद्या तडजोडीने मिटली असती, तिच्या जोडीला तुम्ही स्वतःच्या हाताने दुसरी केस तयार करता. आणि ही दुसरी खरी असते! पहिल्या केसमध्ये वकील तुमची बाजू मांडू शकतो, दुसरीत त्याच्यापुढे तुमचीच सही असते.

आपल्यावर काही खटला आहे का हेच ठाऊक नसेल तर? जुन्या पत्त्यावर समन्स गेले आणि परत आले, असे होते. ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर जिल्हा निवडून नावाने शोध घेता येतो. ज्यांची गावी भावकी जागरूक आहे त्यांनी अर्जाआधी हा शोध जरूर घ्यावा.

परदेशात असताना पासपोर्टची मुदत संपत आली तर गोष्ट जास्त अवघड होते. आपल्या वकिलातीलाही हेच कलम लागू आहे. खटल्याची माहिती निघाली की तिथेही न्यायालयाचा आदेश मागतात. तो इथूनच आणावा लागतो, वकीलपत्र तिथून साक्षांकित करून पाठवून. तोवर मुदत संपली तर इमर्जन्सी सर्टिफिकेट मिळू शकते, पण ते फक्त भारतात परत येण्यासाठी. एकेरी तिकीट म्हणा ना! तेव्हा खटला असणाऱ्याने ऑनसाइटला निघण्यापूर्वी पासपोर्टची मुदत बघून घ्यावी.

पोलिसांनी पासपोर्ट काढून घेतला तर काय, हेही सांगतो. झडतीत पोलीस पासपोर्ट ताब्यात घेऊ शकतात, पण तो अडकवून ठेवण्याचा अधिकार पासपोर्ट कचेरीचा आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २००८ मध्ये सुरेश नंदा यांच्या प्रकरणात सांगितले. जामिनाची अट म्हणून न्यायालयात जमा केला असेल तर मात्र त्याच न्यायालयात अर्ज करून मागावा लागतो. नूतनीकरणासाठी परत द्या, नवा आला की पुन्हा जमा करतो, असे लिहून देता येते.

(यानंतर श्रोत्यांनी प्रश्न विचारले, त्यांपैकी काही.)

एका ताईंनी विचारले की सासूबाईंचे नाव ४९८-अ मध्ये आहे, त्या कधी परदेशी गेलेल्याच नाहीत, पहिलाच पासपोर्ट काढायचा आहे, तर हेच लागू होईल का? ताई, कलम पहिल्या पासपोर्टलाही तेच आणि अधिसूचनाही तीच. डिसेंबर २०२५ चे प्रकरण नूतनीकरणाचे होते, त्यामुळे पहिल्या पासपोर्टसाठी अर्ज करताना प्रवासाची परवानगीही बरोबरच मागा. वय, तब्येत आणि भेटीचे कारण लिहा. आणि नव्या कायद्यात हे कलम ८५ आहे म्हणून गोंधळू नका, १ जुलै २०२४ पूर्वीच्या घटनेची केस जुन्याच कलमाने चालते.

एका तरुणाने विचारले की पासपोर्ट मिळाला, परवानगी मिळाली, तरी विमानतळावर अडवतील का? अडवू शकतात. तुमच्या नावाने लुकआउट सर्क्युलर निघालेले असेल तर इमिग्रेशनला तेच दिसते, तुमच्या खिशातला आदेश दिसत नाही. ते ज्या यंत्रणेने काढायला लावले तिच्याकडून मागे घ्यावे लागते, किंवा उच्च न्यायालयातून. म्हणून प्रवासाची परवानगी मिळाली की आदेशाची प्रत तपास करणाऱ्या पोलीस ठाण्यात द्या आणि पोच घ्या. एक प्रमाणित प्रत हातातल्या पिशवीत ठेवा, चेक-इनच्या बॅगेत नको.

शेवटचा प्रश्न मागच्या रांगेतल्या काकांचा होता. गावच्या केसमध्ये फिर्यादी चुलतभाऊच आहे, तो म्हणतो मिटवून टाकू, पण मुलाला पुढच्या महिन्यात जर्मनीला जायचे आहे, तर आधी काय करायचे? काका, दोन्ही एकदम. तडजोडीला न्यायालयाची मंजुरी लागते, काही कलमांत उच्च न्यायालयात जावे लागते, आणि त्याची तारीख तुमच्या हातात नसते. परवानगीचा अर्ज उद्या टाका. चुलतभावाला सांगा की तडजोड होईल तेव्हा होऊ दे, तूर्त या अर्जावर 'हरकत नाही' एवढे लिहून सही कर. तेवढे तो करील. केलेच नाही तर त्याच्या आईला फोन लावा.